रेद, म्हणजे आगाप

यंदा पौषात शेवगावहून तिसगावला एसटीने जाताना खिडकीतून एक वावर दिसलं. आजूबाजूची ज्वारी नुकती निसवलेली, कोवळी कणसं जेमतेम बाहेर पडलेली, हिरवीगार, आणि मधलं हे एकच वावर पिवळसर पांढरं पडून, कणसं भरून उभं. त्याच्यावर भोरड्यांचा थवा सारखा उठत होता आणि बसत होता. बांधावर एक बाई पत्र्याचा डबा बडवत होती. डब्याचा आवाज गाडीत ऐकू येत नव्हता, नुसता हात खालीवर होताना दिसत होता. गाडी पुढे गेली आणि माझ्या तोंडात एक शब्द आला. गेली दोन-तीनशे वर्षं तो शब्द फारसा कुणाच्या तोंडात आलेला नाही, त्यामुळे शेजारच्या बाईंना तो सांगण्यात अर्थ नव्हता. त्यांनी खिडकी बंद करायला सांगितली, मी केली.

शब्द इंग्रजी आहे. दातांमध्ये जीभ धरून म्हणायचं, ‘रेद’. माझ्या वडिलांचा एक जाडजूड इंग्रजी शब्दकोश होता. तो माझ्याकडे वाटणीत आला, कारण भावाला तो ठेवायला जागा नव्हती. त्या कोशात जे शब्द वापरातून गेले त्यांच्या आधी एक बारीक खंजीर छापलेला असे. लहानपणी मला वाटे की तो शब्द कुणीतरी भोसकून मारलाय. नंतर इंग्रजीची बाई झाले तरी मी कोश उघडला की आधी खंजीरवालेच शब्द वाचत असे. दुसऱ्या बायका जुन्या बाजारात भांडी बघतात, तशी ही माझी खोड.

‘रेद’ हे विशेषण. मूळ अर्थ चपळ, झटपट. मग दिवसाच्या सुरुवातीचा. मग वेळेआधी फुलणारा, वेळेआधी पिकणारा. इंग्लंडच्या खेड्यांत म्हणे लवकर येणाऱ्या सफरचंदांना ‘रेद-राइप’ म्हणत. शब्द गेला, पण त्याची एक लेक मागे राहिली आणि ती अजून घरोघर नांदते. ‘आय वुड रादर’ म्हणतात त्यातलं ‘रादर’. त्याचा मूळ अर्थ ‘जास्त लवकर’. म्हणजे चहापेक्षा कॉफी बरी असं इंग्रज म्हणतो तेव्हा खरं तर कॉफीकडे मी लवकर वळेन, असं म्हणत असतो. हे मी एकदा स्टाफरूममध्ये सांगितलं. गणिताचे सर म्हणाले, “मॅडम, हे परीक्षेला येतं का?” येत नाही. विषय संपला.

मला मात्र त्याला मराठी शब्द हवा होता. ‘अकाली’ म्हटलं की कुणीतरी गेल्यासारखं वाटतं. ‘लवकरचा’ म्हणजे एसटीचा वाटतो. शब्द सापडेना. तो मला सुदामने दिला, आणि तेही न मागता.

तेव्हा मी तिसगावच्या पुढे एका गावात आमच्या संस्थेच्या शाखेवर होते. सुदाम त्याच गावचा. वस्तीच्या मागे डोंगराच्या कडेला त्याचं दोन एकर जिराईत होतं. उरलेल्या दिवसांत तो दुसऱ्यांच्या रानात जायचा. त्याची मुलगी प्रज्ञा माझ्या नववीच्या वर्गात, पहिल्या बाकावर. पहिल्या बाकावर हुशारीमुळे नव्हे, मागून फळाच दिसत नसे इतकी ती छोटी होती. तिला शाळेत आणली तिच्या आजोबांनी. थोरल्या भावाचं नाव घालायला गेले, ही बोट धरून बरोबर. भाऊ गुरुजींना बघून रडायला लागला आणि ही चार वर्षांची पोर पाटीवर अ काढून बसली. गुरुजींनी कौतुकाने दोघांचीही नावं घातली आणि वयात बसवण्यासाठी जन्मतारीख लिहिली एक जून. आमच्या भागात अर्ध्या गावाचा वाढदिवस एक जूनला असतो, त्याचं कुणाला काही वाटत नाही. फरक एवढाच की बाकीच्यांचे चार-सहा महिने इकडेतिकडे झालेले असतात, हिची दोन वर्षं गेली होती. नववीत बाकीच्या मुली पंधराव्यात होत्या, ही तेराव्यात.

आणि वर्गात सगळ्यांच्या पुढे. इंग्रजीचा धडा मी वाचायच्या आधी तिचा वाचून झालेला असायचा. जयंतीला वस्तीवर भाषण करायला तिला टेबलावर उभं करत, कारण माईक खाली येत नसे. अशी मुलगी शिक्षकाच्या आयुष्यात एकदाच येते म्हणतात. माझ्या आयुष्यात तरी एकदाच आली.

त्या वर्षी सुदामने ज्वारी पोळ्यालाच पेरली होती. डोंगरकडेचं हलकं रान, ओल टिकत नाही, म्हणून बघू म्हणाला. ती सगळ्या शिवाराच्या आधी हुरड्यावर आली आणि मार्गशीर्षात एका रविवारी त्याने शाळेतल्या आम्हा सगळ्यांना बोलावलं. जमिनीत खड्डा करून गोवऱ्यांची आगटी पेटवलेली. सुदाम कणसं निखाऱ्यात सारायचा, काढून हातावर चोळायचा, फुंकर मारायचा आणि गरम दाणे आमच्या ओंजळीत टाकायचा. लसणाची चटणी, गूळ, ताक. धुराचा वास माझ्या शालीला पुढे आठवडाभर होता. मी ती मुद्दाम धुतली नाही.

वावराच्या मधोमध चार लाकडांवर माळा बांधलेला. त्यावर प्रज्ञा बसलेली. मांडीवर पुस्तक, एका हातात डबा, दुसऱ्यात काठी. वाचता वाचता, मान वर न करता, ती डबा वाजवायची. पाखरं उठायची, गोल फिरून पुन्हा बसायची. मग तिची आई दुसऱ्या टोकाने गोफण फिरवायची.

“सकाळी फटफटल्यापसनं दोघी हितंच हायत,” सुदाम म्हणाला. “आगाप केली ना. लई ताप.”

“आगाप?” मी विचारलं.

“आगाप म्हंजी... येळेच्या आधी पेरली, आधी आली.”

मी हातातला हुरडा तसाच धरून ठेवला. शब्द मिळाला होता. मी त्याला विचारलं, “मग बरंच झालं की. सगळ्यांच्या आधी पीक घरात.”

सुदाम हसला. “लोकं बी तसंच म्हनत्यात. पन मॅडम, शिवारात सगळ्यांची एकदम निसवली, तर पाखरं वाटून जात्यात. थोडी ह्याच्यात, थोडी त्याच्यात. एकट्याचीच पिकली की साऱ्या शिवाराची पाखरं एकट्यावर. मग राखन कराया मानसं पायजेत. दोघं-तिघं पायजेत, दिवसभर.”

मी मान हलवली. खरं सांगायचं तर मी अर्धवट ऐकत होते. घरी गेल्यावर कोश काढून खंजिराशेजारी पेन्सिलने ‘आगाप’ लिहायचं, हेच माझ्या डोक्यात होतं. तसं मी लिहिलंही.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत प्रज्ञाला बोलावून तो शब्द दाखवला. म्हटलं, “हा तुझा शब्द. तू रेद आहेस.”

तिने वहीत उतरवून घेतला. अक्षर फार सुंदर होतं तिचं. मग विचारलं, “मॅडम, हे चांगलं अस्तं का वाईट?”

कोशात ते दिलेलं नव्हतं. मी म्हटलं, “चांगलंच.”

माघ-फाल्गुन म्हणजे आमच्याकडे ज्वारीची काढणी आणि परीक्षा एकदम. कुठल्या शहाण्याने हे वेळापत्रक लावलं देव जाणे. इंग्रजीच्या उजळणीला वर्गात निम्मी मुलं, उरलेली रानात. ज्वारी मुळासकट उपटायची असते, त्यामुळे दुसऱ्या दिवशी शाळेत आलेल्या मुलांच्या तळव्यांना फोड असत आणि ती पेन बोटांच्या टोकांत धरून लिहीत. वर्गाला कडब्याचा गोडसर वास यायचा. खिडकीतून मळणीयंत्राचा भुसा उडत येऊन फळ्यावर बसायचा, मी डस्टर फिरवला की खडूबरोबर तोही खाली. सकाळी स्वेटर आणि दुपारी डोक्याला रुमाल. दहावीच्या मुलांच्या हातात पुठ्ठ्याची पॅडं आणि चेहऱ्यावर आठ दिवसांचं जागरण. मला तो महिना आवडायचा. सगळं काही संपत आलंय आणि अजून काही ठरलेलं नाही, असा तो महिना असतो. आता इतक्या वर्षांनीही भुशाचा वास आला की मला पर्यवेक्षणाच्या खुर्चीवर बसल्यासारखं वाटतं.

प्रज्ञा एकही दिवस चुकली नाही. तिच्या घरची ज्वारी आधीच निघाली होती. निम्मी पाखरांनी नेली होती, असं नंतर कळलं.

एप्रिलमध्ये नववीचे निकाल तयार होत होते तेव्हा सुदाम शाळेत आला. अंगात इस्त्रीचा शर्ट. मला वाटलं पेढे घेऊन आलाय. तो दारातच उभा राहिला.

“मॅडम, एक इचारायचं हुतं. पोरीला नववीत एक वरीस ठिवता येईल का?”

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. “नापास करू? ती पहिली आलीय, सुदाम.”

“व्हय, ते हाय. पन तेरावं सरायचंय तिचं. अंगानं बी ल्हान हाय. दहावी झाली की हितं पुढं शाळा न्हाई, भाईर धाडावी लागन. बरोबरीच्या पोरी दोन वरसांनी मोठ्या. एक वरीस थांबली तर जरा... तिच्या आईचं बी तेच म्हननं हाय.”

आता मी जे बोलले ते मला शब्दन् शब्द आठवतं, आणि आठवलं की बरं वाटत नाही. मी म्हटलं, लोक मुलांना पुढे ढकला म्हणून माझ्या पाया पडतात आणि तुम्ही मागे ओढा म्हणता. मी म्हटलं, तुमच्या मागच्या पिढ्यांना कुणी शिकू दिलं नाही, आता तुम्हीच अडवणार का? हे वाक्य बोलायचा मला काय अधिकार होता? माझ्या घरात चार पिढ्या पंतोजी आणि कारकून. सुदामच्या घरात शाळेची पायरी चढलेले पहिले त्याचे वडील, आणि त्या पोरीला चौथ्या वर्षी पाटीपुढे बसवणारेही तेच. शिक्षणाचं मोल त्याला माझ्याकडून कळायची गरज नव्हती. पण मी बाई होते, खुर्चीवर होते आणि तो दारात उभा होता.

तो म्हणाला, “तुमी हाय ना मॅडम तिच्यामागं?”

“आहे ना,” मी म्हटलं.

“मग ठीक हाय.”

दहावीला प्रज्ञा केंद्रात पहिली आली. फोटो माझेच जास्त निघाले. नगरच्या कॉलेजातला प्रवेश मी करून दिला, मुलींचं वसतिगृह मी शोधलं, चादर आणि बादली मी घेऊन दिली. जूनमध्ये सुदाम तिला सोडून आला. कागदावर ती सोळा वर्षांची होती, खरी चौदा.

सव्वा महिन्यात ती परत आली. का, ते मला कळलं नाही. शाळेच्या शिपायाने सांगितलं, “मॅडम, ती सुदामची पोर आलीया घरी. जानार न्हाई म्हनती.” मी समजले ते असं: अभ्यास झेपला नाही, घरची आठवण आली, आणि आईबापांनी धीर देण्याऐवजी बोलावून घेतली. मला राग आला. एवढं केलं मी, असं वाटलं. वस्ती शाळेपासून पाच मिनिटांवर होती. मी गेले नाही. पुढच्या जूनमध्ये माझी शेवगावच्या शाखेवर बदली झाली.

या गोष्टीचा मी रोज विचार करत बसले असं नाही. माणूस इतका चांगला नसतो. वर्षातून एकदा, ज्वारी निसवली की, थोडं काहीतरी टोचायचं. हळूहळू एवढं मात्र कळत गेलं की त्या विशेषणाचा अर्थ मला येत होता आणि त्याचा वापर सुदामला. मी कोशातून आले होते, तिथे शब्द एकटा असतो, खंजीर लावलेला, त्याच्या आसपास कुणी नसतं. सुदामच्या तोंडी तो शब्द आला तेव्हा त्याच्यामागे लगेच पाखरं आली, राखण आली, दोघं-तिघं माणसं आली. आगाप म्हटलं की त्याला आधी काम दिसायचं. मला कौतुक दिसायचं. इंग्रजांनीही तो शब्द वापरायचं का सोडलं असावं, याचा मी कधीकधी विचार करते. बहुधा त्यांना बाजारात बारा महिने सफरचंदं मिळायला लागली आणि लवकर काय, उशिरा काय, कुणाला गरज राहिली नाही. आमच्याकडे अजून गरज आहे.

याच फेब्रुवारीत बारावीच्या परीक्षेला मला पर्यवेक्षण लागलं. इतिहासाचा पेपर. उत्तरपत्रिकांवर सह्या करत मी ओळीतून जात होते. तिसऱ्या ओळीत, सतरा-अठरा वर्षांच्या मुलांमध्ये, एक पंचविशीकडे झुकलेली बाई बसली होती. सतरा नंबरचा फॉर्म भरून बाहेरून बसणारे असतात, त्यातली. प्रवेशपत्रावरचं नाव वाचलं आणि माझी सही वाकडी झाली. तिने वर बघितलं, ओळखीचं हसली आणि पुन्हा लिहायला लागली. अक्षर तेच.

पेपर सुटल्यावर ती आवारातल्या नळावर बाटली भरत होती. मी जवळ गेले. तिसगावात एका औषधाच्या दुकानात कामाला आहे म्हणाली. मालकीणबाई म्हणाल्या, बारावी कर, पुढचं बघू. वडील बरे आहेत, गुडघे दुखतात.

“पेपर कसा गेला?”

“सोपा हुता. पेपर मला कधीच अवघड न्हवते, मॅडम.”

मग मी विचारलं. दहा वर्षांनी विचारलं. “तेव्हा परत का आलीस?”

ती बाटलीचं झाकण लावत होती. “तुमाला कुनी सांगितलं न्हाई?”

“मी विचारलंच नाही कुणाला.”

“हॉस्टेलवर मला पयल्यांदा पाळी आली,” ती म्हणाली. औषधाच्या दुकानात काम करते, त्यामुळे आवाज खाली केला नाही. “मला काहीच म्हाईत न्हवतं. बाकीच्या पोरी मोठ्या, त्यांना वाटायचं हिला सगळं ठावं असनार. मला वाटलं काहीतरी मोठं दुखनं झालं, आता मी मरनार. दोन दिवस कॉलेजला गेले न्हाई, बाथरूममधीच बसून ऱ्हायले.”

“अगं, मग मला फोन करायचास.”

“केल्ता की.” ती माझ्याकडे बघत होती, रागाने नाही. “वॉर्डनबाईंच्या मोबाईलवरनं केल्ता. तुमी उचलला. पन जाताना तुमी मला बजावलं हुतं, फोनवर माझ्याशी इंग्रजीतच बोलायचं. मराठी बोललीस तर ठिवून देईन. तर मला ते इंग्रजीत सांगताच येईना. शब्दच न्हवता माझ्याकडं. मग ‘आय ॲम फाइन, मॅडम’ म्हनले अन् ठिवला. दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीनं आईकडं आले.”

तो फोन मला आठवला. मी स्वयंपाकघरात उभी होते. ‘फाइन’ म्हणताना तिचा उच्चार अगदी स्वच्छ आला होता आणि मी त्याबद्दल तिला शाबासकी दिली होती.

मला लाज वाटली. दुसरा कुठलाही शब्द इथे चालणार नाही. मी तिथेच, नळाजवळ, मुलं येत-जात असताना तिची माफी मागितली. ती म्हणाली, “असू द्या, मॅडम. तुमाला तरी काय म्हाईत.” मला माहीत करून घेता आलं असतं, हे तीही जाणून होती आणि मीही. तिने ते बोलून दाखवलं नाही.

जायला निघाली, मग थांबली आणि पर्समधून मोबाईल काढला.

“नंबर त्योच हाय का तुमचा?”

“तोच आहे.”

“निकाल लागला की फोन करते,” ती म्हणाली. आणि फाटकाकडे चालता चालता मागे वळून, “मराठीत करीन हां, मॅडम. ठिवू नका.”